कधीच न भरलेली बैठक

सोफियामधला एक म्हातारा गायक तरुणपणीच्या बर्लिनबद्दल सांगतो आहे. गोष्ट रंगात येते न येते तोच चित्र बदलतं. समोर आता कॅलिफोर्नियातल्या पाम स्प्रिंग्जमधला दुसरा म्हातारा असतो आणि त्याने पहिल्याच्या गोष्टीचं टोक उचललेलं असतं. तो पुढे सरकतो, तर बर्लिनमधला तिसरा वेगळंच काही सांगू लागतो. चौथा हॅम्बुर्गमध्ये बसून या सगळ्याला आपली पुस्ती जोडतो. पाच-दहा मिनिटांत बघणारा विसरूनच जातो की या माणसांमध्ये देश आणि समुद्र आडवे पडलेले आहेत. त्याला वाटू लागतं, चौघे एका टेबलाभोवती बसलेत, मध्ये कॉफीची किटली आहे आणि जुन्या दिवसांवरून त्यांची जुंपली आहे.

एबरहार्ट फेखनर या जर्मन दिग्दर्शकाने १९७६ मध्ये दूरचित्रवाणीसाठी केलेला ‘कॉमेडियन हार्मोनिस्ट्स’ हा चित्रपट असा चालतो. त्यासाठी हे चौघे एका खोलीत आलेच नाहीत. प्रत्येकाशी फेखनर वेगळा बोलला, ज्याच्या त्याच्या गावी जाऊन. जी बैठक आपण बघतो ती कधी भरलीच नव्हती. ती भरली हॅम्बुर्गमधल्या संकलनाच्या टेबलावर, फिल्मचे तुकडे एकमेकांना जोडताना. अशी बैठक जमवण्याची हातोटी हेच फेखनरचं आयुष्यभराचं काम. आणि त्या बैठकीत कुणाकुणाला आणून बसवण्याची त्याची छाती होती हे कळतं, तेव्हा आश्चर्याबरोबर थोडी भीतीही वाटते.

युद्धानंतरचा जर्मन सिनेमा म्हटलं की आपल्याकडच्या फिल्म सोसायटीवाल्यांच्या तोंडी फासबिंडर, हेर्झोग, वेंडर्स ही नावं येतात. फेखनर हे नाव सहसा कुणी घेत नाही. ती मंडळी महोत्सवांतून जगभर गेली. फेखनरचे चित्रपट रात्रीच्या जेवणानंतर जर्मन दिवाणखान्यांत दिसले. तिथे तो मोठा होता, पण तिथून बाहेर फारसा पडला नाही. त्याच्या चित्रपटांत माणसं सतत बोलतात आणि बोलणं हेच सर्वस्व असतं, त्यामुळे दुसऱ्या भाषेत नेणंही अवघड.

त्याचा जन्म १९२६ चा, सायलेशियातल्या लीग्निट्झचा. हे शहर तेव्हा जर्मनीत होतं, आज ते पोलंडमध्ये आहे आणि त्याचं नाव लेग्नित्सा आहे. जन्मगाव दुसऱ्या देशात गेलेली जर्मन माणसं त्या पिढीत लाखांनी मोजावी लागतात. युद्ध संपलं तेव्हा फेखनर अठरा वर्षांचा होता. बर्लिनमध्ये तो नटाचं शिक्षण घेऊन रंगभूमीवर आला, आणि १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला मिलानच्या पिक्कोलो तेआत्रोमध्ये जॉर्जो स्ट्रेहलर या थोर इटालियन दिग्दर्शकाच्या हाताखाली राहिला. मग हॅम्बुर्गला आला तो एनडीआर या उत्तर जर्मन प्रसारण संस्थेत.

एनडीआरच्या नाट्यविभागाचा प्रमुख तेव्हा एगॉन मोंक होता. मोंक हा नाटककार बेर्टोल्ट ब्रेख्टचा शिष्य. ब्रेख्टच्याच बर्लिनर आन्सांबल या नाट्यसंस्थेत घडला आणि पुढे पश्चिमेकडे आला. त्याला दूरचित्रवाणी म्हणजे घरबसल्या नाटक दाखवायचं यंत्र वाटत नव्हतं. आपल्या देशाने अलीकडेच काय केलं ते देशालाच दाखवायची ही जागा आहे, असं तो मानत होता. १९६५ मध्ये त्याने एका छळछावणीतला १९३९ सालातला एक दिवस पडद्यावर उभा केला. हॅम्बुर्गच्या घराघरांत, सोफ्यावर बसलेल्या लोकांसमोर.

इथे एक गोष्ट ध्यानात घ्यायला हवी. पश्चिम जर्मनीत खाजगी वाहिन्या सुरू झाल्या १९८४ मध्ये. तोवर सगळा कारभार सार्वजनिक संस्थांचा, आणि तो चालायचा मुख्यतः प्रेक्षकांच्या शुल्कावर. १९६० च्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत देशभर एकच वाहिनी, मग दुसरी, आणि पुढच्या काही वर्षांत प्रादेशिक ‘तिसऱ्या’ वाहिन्या. त्यामुळे एखादा कार्यक्रम लागला की तो लाखो लोक बघत. दुसरं फारसं काही लागलेलं नसेच! दिग्दर्शकाला अशा वातावरणात दोन गोष्टी मिळत, वेळ आणि प्रेक्षक. फेखनरला पुढे एकेका चित्रपटावर वर्षानुवर्षं घालवता आली ती याच व्यवस्थेमुळे. आजचा कुठला कार्यक्रमप्रमुख कुणाला आठ वर्षं देईल?

मार्च १९६९ मध्ये बर्लिनच्या वेडिंग या कामगारवस्तीत एका बहात्तर वर्षांच्या एकट्या बाईने आपलं आयुष्य संपवलं. पोलिसांच्या लेखी ती एक नोंद होती. फेखनरने तीच नोंद उचलली. बाई प्रसिद्ध नव्हती, तिच्या बाबतीत गूढ असं काही नव्हतं, कुणी तिला छळलं नव्हतं. घरात तिने जपून ठेवलेली कागदपत्रं, पत्रं, फोटो होते. फेखनरने ते एकेक करून वाचले आणि मग नातेवाईक, शेजारी यांना जाऊन भेटला. ‘नाखरेडे आउफ क्लारा हायडेब्रेक’ हा तासाभराचा चित्रपट त्यातून झाला. कैसरच्या काळात जन्मलेली एक मुलगी दोन महायुद्धं, मंदी, हिटलर आणि दुभंगलेलं शहर पार करत म्हातारी होते. इतिहासाच्या पुस्तकात जे मोठ्या अक्षरांत छापतात, ते इथे तिच्या नोकऱ्यांमधून, पगाराच्या आकड्यांमधून, बदललेल्या खोल्यांमधून दिसत जातं.

चित्रपट बघताना एक विलक्षण गोष्ट घडते. नातेवाईक आणि शेजारी तिच्याबद्दल बोलतात, प्रत्येकाची बाई वेगळी असते, आणि या वेगळेपणातूनच ती हळूहळू भरीव होत जाते. आपल्याकडे एखादं माणूस गेल्यावर तेराव्याला जमलेले लोक जेवणानंतर आठवणी काढत बसतात तसंच हे. फरक इतकाच की फेखनरच्या साक्षीदारांना आपल्याआधी कोण काय बोललं याचा पत्ता नसतो.

या पहिल्या प्रयोगात फेखनरचं स्वतःचं निवेदन भरपूर आहे. पुढच्या चित्रपटांत ते गळत जातं. निवेदकाने सांगायचं ते साक्षीदारांकडूनच सांगून घेता येतं, हे त्याला सापडलं होतं.

ते कसं जमतं, हे मला बरीच वर्षं कोडं वाटत आलं आहे, म्हणून इथे जरा रेंगाळतो.

त्या काळी असं चित्रण १६ मिलिमीटर फिल्मवर व्हायचं. ४०० फुटांचं रीळ साडेदहा-अकरा मिनिटांत संपतं. एखाद्या आजोबांशी तीन तास बोलायचं तर सोळा-सतरा रिळं लागणार, आणि दर वेळी बोलण्याचा ओघ तोडून कॅमेऱ्यात नवी फिल्म भरावी लागणार. आवाज फिल्मवर नसायचाच. तो वेगळ्या यंत्रावर, बहुधा नाग्रा टेपरेकॉर्डरवर, मुद्रित व्हायचा आणि मग फिल्मच्याच रुंदीच्या, कडेला भोकं असलेल्या चुंबकीय पट्टीवर उतरवला जायचा. मग संकलनाचं टेबल. त्यातलं सगळ्यात नावाजलेलं होतं हॅम्बुर्गमधल्याच श्टेनबेक कंपनीचं. आडव्या थाळ्यांवर चित्राची पट्टी आणि आवाजाची पट्टी शेजारी शेजारी फिरतात, मध्ये छोटा पडदा असतो. दूरचित्रवाणीसाठी सेकंदाला २५ चित्रं. म्हणजे कुठे कापायचं ते सेकंदाच्या पंचविसाव्या भागापर्यंत ठरवता येतं, आणि ठरवलं की खरंच पात्याने कापायचं आणि चिकटपट्टीने जोडायचं.

मुलाखतीतला मजकूर कापला की चित्रात झटका बसतो. माणसाची मान एकदम दुसरीकडे वळलेली दिसते. हा झटका झाकायला दूरचित्रवाणीवाले मध्येच टेबलावरचे हात दाखवतात, फुलदाणी दाखवतात, मान डोलावणारा मुलाखतकार दाखवतात. फेखनरला याची गरजच पडत नव्हती. एकाला कापलं की तो थेट दुसऱ्या बोलणाऱ्यावर जायचा. दुसरा माणूस हीच त्याची फुलदाणी! पहिल्याचं कापलेलं वाक्य दुसऱ्याने पुढे नेलं की कापल्याची खूण दिसतच नाही. उलट वाटतं, दुसरा ऐकत होता आणि न राहवून बोलला.

पण हे साधायला दुसऱ्याने नेमकं तेच, त्याच सुरात बोललेलं असायला हवं. त्याची तयारी मुलाखतीच्या वेळीच झालेली असते. फेखनर लोकांना त्यांचं आयुष्य सांगायला लावायचा, मतं नाही. बालपण, शाळा, पहिली नोकरी, युद्ध, त्यानंतर. एकाच काळातून गेलेली माणसं अशी मोकळी सोडली की त्यांच्या आठवणी त्याच त्याच वळणांवरून जातात. मग सगळं बोलणं टंकलिखित करायचं, कागदांचे ढीग विषयवार लावायचे आणि कोणाच्या वाक्याला कोणाचं वाक्य भिडतं ते शोधायचं. हे काम महिनोन्‌महिने चालायचं. त्यात त्याची जोडीदार होती संकलक ब्रिगिटे किर्शे. माझ्या मते या चित्रपटांवर दोघांची नावं सारख्याच मोठ्या अक्षरांत लिहायला हवीत. कोणत्या श्वासावर वाक्य सोडायचं, प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असताना ती कानाला खुपू न देता एकीतून दुसरीत कसं जायचं, या गोष्टी कागदावर ठरत नाहीत. त्या कानाने ठरतात.

ब्रेख्टची सावली मला इथे दिसते. दोन परस्परविरोधी गोष्टी शेजारी ठेवायच्या, जोडणारा दुवा द्यायचा नाही, निवाडा प्रेक्षकावर सोडायचा, ही ब्रेख्टची रंगमंचावरची शिकवण. मोंकमार्फत ती फेखनरपर्यंत आली असेल तर नवल नाही. पण फेखनरने ती जिवंत माणसांवर वापरली, आणि नटांपेक्षा जिवंत माणसं जास्त अंगावर येतात.

‘क्लासनफोटो’ त्याने १९७० च्या सुमारास केला. वेडिंगमधल्याच एका शाळेच्या वर्गाचा जुना फोटो. हिटलर सत्तेवर आला तेव्हा ही मुलं शाळेत होती. कोण कुठे गेलं, कोण सैन्यात अधिकारी झालं, कोणाला देश सोडावा लागला, कोण परतलंच नाही, हे फेखनर शोधत गेला. फोटोत खांद्याला खांदा लावून उभी राहिलेली मुलं पन्नाशीची होऊन पडद्यावर पुन्हा शेजारी येतात. एकाच मास्तरांबद्दल, एकाच सकाळबद्दल त्यांच्या आठवणी अशा काही वेगळ्या निघतात की वाटावं, ही माणसं दोन वेगळ्या शाळांत होती. ज्याला त्रास झाला त्याला तारखेसकट आठवतं. ज्याला झाला नाही त्याला वाटतं, आमच्या वर्गात असलं काही नव्हतंच.

मग ‘कॉमेडियन हार्मोनिस्ट्स’. १९२७ च्या डिसेंबरात हॅरी फ्रोमरमान या एकवीस वर्षांच्या तरुणाने बर्लिनच्या वर्तमानपत्रात जाहिरात दिली, पंचविशीच्या आतले गायक हवेत म्हणून. अमेरिकेतल्या ‘द रेव्हलर्स’ या गायकसंचाच्या ध्वनिमुद्रिकांनी तो वेडावला होता. त्यातून पाच गायक आणि एक पियानोवादक असा संच जमला. एका वर्षाच्या आत ते बर्लिनच्या मोठ्या रंगमंचावर होते आणि थोड्याच वर्षांत युरोपभर. कॅक्टसवरचं त्यांचं गमतीदार गाणं जर्मनीत आजही लहान मुलांना येतं. नुसत्या गळ्यातून ते वाद्यवृंद उभा करत.

सहांपैकी तिघे ज्यू वंशाचे होते. १९३३ नंतर कार्यक्रम बंद होत गेले. जर्मनीतला शेवटचा जाहीर कार्यक्रम मार्च १९३४ मध्ये हॅनोव्हरला झाला आणि १९३५ मध्ये संचाचे दोन तुकडे झाले. तिघे देशाबाहेर, तिघे देशात. दोन्ही तुकड्यांनी नवे गायक घेऊन बघितलं, जुनी जादू कुणालाच जमली नाही. फेखनर कामाला लागला तेव्हा संच जवळजवळ विस्मरणात गेला होता. आरी लेश्निकॉफ सोफियात, रॉबर्ट बिबर्टी बर्लिनमध्ये, एर्विन बूट्स हॅम्बुर्गला, आणि रोमान चिकॉव्स्की अमेरिकेत, जिथे तो ज्यू प्रार्थनामंदिरात गात असे. एरिश कॉलिन १९६१ मध्येच गेला होता. ज्याने जाहिरात दिली तो फ्रोमरमान १९७५ मध्ये वारला.

सुमारे तीन तासांच्या या चित्रपटात जुन्या ध्वनिमुद्रिका वाजतात तेव्हा सहा आवाज एकजीव असतात. गाणं थांबलं की तेच लोक म्हातारे होऊन एकेकटे बोलतात आणि त्यांचा सूर काही जुळत नाही. पैसे कोणाला किती मिळाले? संच खरा कोणाचा? आणि सगळ्यात अवघड प्रश्न: तिघांना जावं लागलं तेव्हा राहिलेल्या तिघांनी काय केलं? प्रत्येकजण आपल्या बाजूने प्रामाणिक वाटतो. फेखनर कुणाला खोटं पाडत नाही. एकाचं म्हणणं ठेवतो, त्याला लागून दुसऱ्याचं. बिबर्टीचं भरभरून, ठसक्यात चाललेलं बोलणं सुरुवातीला मोहात पाडतं आणि इतरांचं ऐकून झाल्यावर त्याचाच ठसका वेगळा ऐकू येऊ लागतो. बदललेला शब्दही नाही आणि बदललेला सूरही नाही, फक्त शेजार बदलला.

या चित्रपटानंतर हा संच जर्मनीत नव्याने लोकप्रिय झाला. पुढे १९९७ मध्ये योझेफ फिल्समायरने त्यांच्यावर कथाचित्रपटही काढला. तो देखणा आहे. पण फेखनरचा बघितल्यावर त्यातले तरुण नट फारच नीटनेटके वाटतात.

फेखनर कथाचित्रपटही करत असे. वाल्टर केम्पोव्स्कीच्या कादंबरीवरून त्याने १९७५ मध्ये केलेला ‘टाडेलोझर उंड वोल्फ’ जर्मनीत गाजला. रॉस्टॉकमधलं एक खातंपितं कुटुंब, घरातल्या खास म्हणी, जेवणाच्या टेबलावरचे विनोद, आणि खिडकीबाहेर चाललेलं युद्ध. हे कुटुंब दुष्ट नाही. ते फक्त आपल्याच म्हणींमध्ये गुरफटलेलं आहे. दोघांची जोडी जमली यात आश्चर्य नाही, कारण केम्पोव्स्कीही त्याच वाटेचा. ‘तुम्ही हिटलरला पाहिलं होतं का?’ असं तो लोकांना विचारत सुटला होता आणि आलेली उत्तरं त्याने १९७३ मध्ये एकाखाली एक छापली होती. पुढे शेकडो अनोळखी लोकांची पत्रं आणि रोजनिशा जोडून त्याने ‘एखोलोट’ हा प्रचंड ग्रंथ केला. १९७८ मध्ये फेखनरने मोठ्या पडद्यासाठी ‘विंटरस्पेल्ट’ काढला, आपली तुकडी अमेरिकनांच्या स्वाधीन करू पाहणाऱ्या जर्मन अधिकाऱ्याची गोष्ट. नेटका चित्रपट आहे. पण त्यातल्या माणसांना लेखकाने आधीच सगळं सांगून ठेवलेलं आहे, आणि फेखनरची मजा कुणाला काय माहीत नाही यातच होती.

आता ती भीती वाटावी अशी बैठक.

नोव्हेंबर १९७५ मध्ये ड्युसेलडॉर्फच्या न्यायालयात नाझींच्या मायदानेक छावणीतल्या रक्षकांवर खटला उभा राहिला. मायदानेक पोलंडमधल्या लुब्लिन शहराच्या अगदी कडेला, शहरातून दिसेल अशी. तिथल्या संग्रहालयाचा आजचा अंदाज असा की छावणीत सुमारे ७८,००० माणसं मेली किंवा मारली गेली, त्यातले सुमारे ५९,००० ज्यू. ३ नोव्हेंबर १९४३ या एका दिवसात तिथे सुमारे १८,००० ज्यूंना गोळ्या घातल्या गेल्या, आणि आवाज झाकण्यासाठी ध्वनिक्षेपकांवर संगीत लावलं होतं. बत्तीस वर्षांनी आरोपी म्हणून न्यायालयात आले ते पेन्शनीत निघालेले किंवा निघू घातलेले लोक. त्यांतली एक, हेर्मिने रायन-ब्राउनश्टायनर, न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात अमेरिकन नवऱ्यासोबत संसार करत होती. १९६४ मध्ये तिचा पत्ता लागला, १९७३ मध्ये अमेरिकेने तिला जर्मनीच्या ताब्यात दिलं.

खटला साडेपाच वर्षं चालला. सुनावणीचे दिवस ४७४. आणि इथे जर्मन कायद्याच्या दोन गोष्टी ऐकून मी थक्क झालो. एक, सुनावणी चालू असताना न्यायालयात चित्रीकरणाला बंदी. दुसरी, अशा खटल्यात साक्षीदार काय बोलला ते शब्दशः लिहून घेण्याची पद्धतच नाही. साक्ष न्यायाधीशांच्या टिपणांत आणि ऐकणाऱ्यांच्या आठवणीत राहते. इस्राएल, पोलंड, अमेरिकेहून म्हातारी माणसं आयुष्यातलं सगळ्यात भयंकर ते सांगायला आली, आणि त्यांचे शब्द तिथेच विरून जाणार होते.

फेखनरने खटला न्यायालयाबाहेर पुन्हा भरवला. साक्षीदार, न्यायाधीश, सरकारी वकील, बचावाचे वकील आणि खुद्द आरोपींपैकी काहीजण, या सगळ्यांशी तो वेगवेगळा बोलला. मग तेच तंत्र. छावणीच्या दारात ट्रक थांबला, असं छावणीतून जिवंत वाचलेली बाई सांगते, आणि पुढचं वाक्य तिथे पहाऱ्यावर असलेल्याच्या तोंडून येतं. जिवंतपणी जे एका टेबलाशी कधी बसले नसते, ज्यांना बसवणं क्रौर्यच ठरलं असतं, ते इथे एकमेकांची वाक्यं पूर्ण करतात. आरोपी राक्षसासारखे दिसत नाहीत. दिवाणखान्यात बसून, आजोबा-आजीच्या सुरात, ते कामाच्या वेळा आणि वरिष्ठांच्या लहरी यांबद्दल तक्रारी करतात. आणि लगेच पुढच्या तुकड्यात त्या कामाचा अर्थ काय होता ते सांगणारा चेहरा येतो.

खटल्यात एक प्रसंग असा झाला की कैदेत असताना विषारी वायूचे डबे वाहून न्यायला लावलेल्या एका बाईने तशी साक्ष दिली, आणि बचावाच्या एका वकिलाने तिलाच खुनाला साहाय्य केल्याबद्दल अटक करावी अशी मागणी केली. कायद्याच्या भाषेत असंही बोलता येतं! ३० जून १९८१ ला निकाल लागला. ब्राउनश्टायनरला जन्मठेप, हिल्डेगार्ड लेखर्ट या दुसऱ्या रक्षक बाईला बारा वर्षं, बाकीच्यांना तीन ते दहा, एकजण सुटला. काहीजण आधीच पुराव्याअभावी सुटले होते.

‘डेअर प्रोत्सेस’ या साडेचार तासांच्या, तीन भागांच्या चित्रपटावर फेखनरची आठ वर्षं गेली. नोव्हेंबर १९८४ मध्ये तो दाखवला गेला तो मुख्य वाहिनीवर नाही, प्रादेशिक तिसऱ्या वाहिन्यांवर. ‘होलोकॉस्ट’ ही अमेरिकन मालिका १९७९ मध्ये याच तिसऱ्या वाहिन्यांवर लागली होती आणि तिने देश हलवला होता, हे खरं. पण त्या मालिकेत नट होते, प्रेमकथा होती, रडायला जागा होती. फेखनर रडायला जागा देत नाही. साडेचार तास तो फक्त ऐकायला लावतो. फ्रेंच दिग्दर्शक क्लोद लान्झमानचा ज्यूंच्या संहारावरचा ‘शोआ’ पुढच्याच वर्षी आला आणि जगभर पोचला. दोघांची जात वेगळी. लान्झमान स्वतः पडद्यावर असतो, खोदून विचारतो, साक्षीदाराला त्या जागेवर परत नेतो. फेखनर दिसत नाही. मला लान्झमान मोठा कलावंत वाटतो, पण गुन्हेगार शांतपणे बोलत सुटल्यावर काय काय बोलून जातो, हे मला फेखनरकडेच ऐकायला मिळालं.

हे सगळं प्रामाणिक आहे का? प्रश्न विचारायलाच हवा. न झालेलं संभाषण झाल्यासारखं दाखवायचं, म्हणजे प्रत्येक बोलणाऱ्याच्या नकळत त्याला उत्तर द्यायचं. बिबर्टीला माहीत असतं की चिकॉव्स्की यावर काय म्हणणार, तर तो वेगळं बोलला असता. आरोपीला माहीत असतं की आपल्या वाक्यानंतर कोण येणार, तर तो बहुधा बोललाच नसता. फेखनरच्या हातात फार मोठी सत्ता होती आणि ती त्याने वापरली. त्याच्या बाजूने इतकंच म्हणता येईल की त्याने ती लपवली नाही. सोफिया आणि पाम स्प्रिंग्ज एका खोलीत नाहीत हे बघणाऱ्याला पहिल्या मिनिटापासून दिसत असतं. खोल्या, पडदे, उजेड, सगळं वेगळं असतं. टेबल प्रेक्षकाने स्वतः तयार केलेलं असतं. आणि माणसांना त्याने लांबलचक बोलू दिलं. सात सेकंदांच्या बाइटमध्ये कोणालाही मूर्ख दाखवता येतं, सलग वीस वाक्यांत ते कठीण जातं.

शेवटच्या वर्षांत त्याने ‘ला पालोमा’मध्ये जुन्या खलाशांना बोलतं केलं, आणि १९९१ मध्ये ‘वोल्फ्सकिंडर’ केला. युद्धानंतर पूर्व प्रशियात उपासमार झाली. आईबाप गेलेली जर्मन मुलं अन्नाच्या शोधात लिथुएनियात पोचली, शेतकऱ्यांकडे राबून जगली, काहीजण आपली भाषा आणि नावही विसरली. फेखनरने अशा एका कुटुंबातल्या भावंडांची गोष्ट घेतली. लहानपणी वाटेवर हरवलेली भावंडं एकच प्रवास आपापल्या बाजूने सांगतात. पुढच्या वर्षी, ऑगस्ट १९९२ मध्ये, हॅम्बुर्गला फेखनर वारला.

कुणाला त्याचे चित्रपट बघायचे असतील तर जर्मन येत नसताना उपशीर्षकांवर अवलंबून राहावं लागेल, आणि ती सगळ्यांना मिळत नाहीत. सुरुवात ‘कॉमेडियन हार्मोनिस्ट्स’ने करावी. गाणी आहेत, म्हाताऱ्यांची भांडणं गोड आहेत आणि तंत्र उघड दिसतं. मग क्लारा. ‘डेअर प्रोत्सेस’ एका बैठकीत बघू नये. तीन भाग तीन संध्याकाळी बघावेत, आणि दुसऱ्या भागाच्या संध्याकाळी घरी पाहुणे बोलावू नयेत.